दुपारच्या चहासाठी घरचे स्कोन आणि गोड क्रीम

स्कोन, म्हणजे चहासोबत खायचा मैद्याचा छोटा, फुललेला गोल पदार्थ, बिघडतो तो बहुतेक वेळा ओव्हनमध्ये जाण्याआधीच. साहित्य साधं आहे, वेळही फार लागत नाही, तरी एकाच्या हातचे स्कोन उंच फुलतात आणि दुसऱ्याचे चपटे, चिवट होतात. यामागे मुख्यतः दोन कारणं असतात: बटर शेवटपर्यंत थंड राहिलं का, आणि पिठाला हात किती लागला. पुढची सगळी कृती या दोन गोष्टी सांभाळण्यासाठीच आहे.

आधी चांगला स्कोन कसा दिसतो ते डोळ्यासमोर आणा. तो साधारण 4 ते 5 सेंटिमीटर उंच असतो, वरून तपकिरी-सोनेरी, आणि कडेने मधोमध एक आडवी, ओबडधोबड भेग गेलेली असते. त्या भेगेत बोटं घालून हलकं ओढलं की त्याचे सरळ दोन भाग होतात, सुरी लागत नाही. आतून मऊ आणि किंचित ओलसर, पण केकसारखा भुसभुशीत नाही आणि बिस्किटासारखा खुसखुशीतही नाही. गोडी बेताची, कारण वर जॅम आणि क्रीम येणार असतं. स्कोनमध्येच भरपूर साखर घातली तर तिन्ही मिळून मिट्ट होतं आणि दुसरा घ्यावासा वाटत नाही.

स्कोन मूळचा स्कॉटलंडचा. तिथे तो तव्यावर मोठा गोल भाजून चार तुकड्यांत कापत. आजचा उंच, हलका स्कोन शक्य झाला तो बेकिंग पावडरमुळे. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांनी 1843 मध्ये ती तयार केली, कारण त्यांच्या पत्नीला यीस्ट चालत नसे. साधारण त्याच काळात, 1840 च्या सुमारास, बेडफर्डची डचेस अ‍ॅना हिने दुपारच्या चहाची पद्धत रूढ केली असं मानतात. आज इंग्लंडमध्ये चहा, स्कोन, जॅम आणि क्रीम एवढंच असेल तर त्याला क्रीम टी म्हणतात. सँडविच आणि छोटे केकही असले की तो पूर्ण आफ्टरनून टी होतो.

साहित्य आणि प्रमाण

वजनकाटा वापरा. एक कप मैदा भरण्याच्या पद्धतीनुसार 120 ग्रॅमही भरतो आणि 150 ग्रॅमही, आणि एवढ्या फरकाने पीठ कोरडं किंवा चिकट होतं. खालचं प्रमाण 6 सेंटिमीटर व्यासाच्या 12 स्कोनसाठी आहे. ओव्हन छोटा असेल तर सगळं निम्मं घ्या, कृती तीच राहते.

मैदा 450 ग्रॅम
बेकिंग पावडर 20 ग्रॅम (5 मिलीच्या चमच्याने सपाट 5 चमचे)
मीठ अर्धा चमचा
बारीक दाण्याची साखर 60 ग्रॅम
बिनमिठाचं बटर 100 ग्रॅम, फ्रिजमधून नुकतंच काढलेलं
अंडी 2 आणि थंड दूध, दोन्ही मिळून 280 मिली
वरून लावायला एका अंड्याचा बलक आणि एक चमचा दूध

साखर बारीकच हवी. जाड दाणे पिठात नीट विरघळत नाहीत आणि भाजल्यावर वरच्या बाजूला तपकिरी ठिपके उमटतात. जाड साखरच असेल तर मिक्सरमध्ये दोन-तीनदा फिरवून घ्या, पण तिची पूड करू नका. मीठ वगळू नका. ते नसेल तर स्कोन पिठूळ लागतो. सेल्फ रेझिंग फ्लोअर वापरायचं असेल तर त्यात बेकिंग पावडर आधीच असते, म्हणून वरून फक्त एक ते दीड चमचा पुरते. मीठ बहुतेक त्यातही असतं, पाकीट वाचून मग ठरवा.

बेकिंग पावडरचा डबा किती दिवस उघडा आहे ते आठवत नसेल तर अर्धा कप गरम पाण्यात एक चमचा टाकून पाहा. लगेच फसफसून वर आली तर ठीक. दोन-चार बुडबुडे येऊन शांत झाली तर ती फेकून द्या. अशा पावडरचे स्कोन कितीही जपून केले तरी फुलत नाहीत.

बेदाणे घालायचे असतील तर 100 ग्रॅम पुरे. ते 10 मिनिटं गरम पाण्यात किंवा कोऱ्या चहात भिजवा आणि कापडावर पूर्ण कोरडे करा. कोरडे बेदाणे तसेच घातले तर ते पिठातलं पाणी ओढून घेतात.

अंडं नको असेल तर 200 ग्रॅम दही आणि 80 मिली दूध फेटून घ्या. दही आंबट असतं, त्यामुळे बेकिंग पावडर 3 चमचे करा आणि अर्धा चमचा खायचा सोडा घाला. सोडा याहून जास्त नको, नाहीतर स्कोन पिवळट पडतो आणि साबणासारखी चव येते. हे स्कोन अंड्याच्या स्कोनइतके सोनेरी होत नाहीत, पण आतून छान मऊ असतात.

ओव्हन आधी, पीठ नंतर

पिठाला हात लावण्याआधी ओव्हन चालू करा: 220 अंश सेल्सियस, पंख्याचा ओव्हन असेल तर 200. दिवा विझला म्हणजे ओव्हन तापला असं समजू नका. आतल्या भिंतीही तापायला हव्यात, त्याला 20 ते 25 मिनिटं लागतात. या एका गोष्टीत घाई केली तर बाकीची मेहनत वाया जाते. कारण असं: ओव्हन पुरेसा गरम असला की बटरमधल्या पाण्याची वाफ आणि बेकिंग पावडरचा वायू पिठाला झटकन वर ढकलतात आणि तेवढ्यात कडा शिजून उभ्या राहतात. ओव्हन कमी गरम असेल तर आधी बटर वितळतं, पीठ बाजूला पसरतं, आणि मग शिजतं. ट्रेला बेकिंग पेपर लावून बाजूला ठेवा.

बटर चोळणं

मैदा, बेकिंग पावडर आणि मीठ दोनदा चाळून घ्या. पावडर सगळीकडे सारखी पसरावी म्हणून दुसऱ्यांदा चाळायचं. एका जागी राहिली तर तिथे कडवट लागतं. साखर मिसळा.

बटरचे 1 सेंटिमीटरचे तुकडे करून पिठात टाका आणि आधी नुसते घोळवून घ्या, म्हणजे प्रत्येक तुकड्याला पीठ लागेल. आता फक्त बोटांच्या टोकांनी तुकडा आणि पीठ उचला, अंगठ्याने हलकं चेपत पुन्हा भांड्यात पडू द्या. हात भांड्याच्या वर असू द्या, म्हणजे खाली पडताना पिठात हवा जाते. तळवा वापरायचा नाही. तळव्याची ऊब बोटांच्या टोकांपेक्षा जास्त असते आणि बटर लगेच तेलकट होतं. हात मुळातच गरम असतील तर ते थंड पाण्याखाली धरून कोरडे करा, किंवा बटर फ्रीझरमध्ये कडक करून जाड किसणीने किसा. किसलेल्या बटरला चोळायचं जवळजवळ राहतच नाही, आणि गरम हवेत ही पद्धत सर्वांत भरवशाची.

कुठे थांबायचं? पीठ ब्रेडच्या चुऱ्यासारखं दिसू लागेल, पण त्यात मधूनमधून मटाराएवढे बटरचे खडे असतील, तिथे थांबा. सगळं एकजीव रेतीसारखं झालं तर स्कोन मऊ होतो पण थर पडत नाहीत. थोडे खडे राहिले तर भाजताना त्या जागी वाफ सुटते आणि स्कोन पदर सुटल्यासारखा उघडतो. पीठ पिवळसर, ओलसर वाटायला लागलं तर बटर वितळतंय असं समजा. भांडं तसंच 15 मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा, मग पुढे जा.

ओलं करणं आणि गोळा करणं

अंडी मोजपात्रात फोडून फेटा आणि 280 मिलीच्या खुणेपर्यंत दूध घाला. मैदा कमी-जास्त पाणी शोषतो, म्हणून यातलं दोन मोठे चमचे मागे ठेवा. पिठात मधे खळगा करून बाकीचं सगळं एकदम ओता. थोडं थोडं ओतत गेलं तर जास्त वेळ ढवळावं लागतं आणि तेच नको आहे. बेदाणे असतील तर आत्ताच घाला.

हाताऐवजी बोथट सुरी घ्या. तिच्या पात्याने पीठ कापत, उलटत मिसळा. पंधरा-वीस वेळा फिरवल्यावर पीठ गुठळ्यागुठळ्यांनी जमू लागतं. भांड्याच्या तळाशी कोरडं पीठ राहिलं असेल तर मागे ठेवलेलं दूध तिथे शिंपडा. तयार पीठ मऊ, किंचित चिकट आणि खडबडीत दिसायला हवं. ते पाहून बरेच जण घाबरतात आणि आणखी मैदा टाकतात. टाकू नका. हाताला जरासं चिकटणारं पीठच ओव्हनमध्ये फुलतं. घट्ट, गुळगुळीत गोळ्याचा स्कोन कोरडा होतो.

ओट्यावर मैदा भुरभुरवून पीठ त्यावर घ्या. मळायचं नाही. मळलं की मैद्यातलं ग्लुटेन ताणलं जातं, आणि ब्रेडला जी ताकद हवी असते तीच स्कोनला चिवट करते. त्याऐवजी पीठ हाताने थापून दोन बोटं जाड करा, घडी घाला, 90 अंशांत फिरवा, पुन्हा थापा. असं तीन वेळा. घड्यांमुळे खडबडीतपणा जातो आणि बटरचे थर एकावर एक बसतात. चौथी घडी मोहात पाडते, पण पिठाने हाताला विरोध करायला सुरुवात केली की तो इशारा समजा.

कापणं

पीठ 2.5 सेंटिमीटर जाडीचं थापा. पट्टी लावून मोजा. अंदाजाने थापलेलं पीठ जवळजवळ नेहमीच पातळ निघतं, आणि दीड सेंटिमीटरच्या पिठातून उंच स्कोन निघत नाही. लाटणं लागत नाही. लावलंच तर एकदा हलकं फिरवून वरचा भाग सपाट करा.

धारदार कडेचा गोल कटर घ्या, प्रत्येक वेळी कोरड्या मैद्यात बुडवा, आणि सरळ खाली दाबून सरळ वर उचला. कटर फिरवायचा नाही. फिरवल्याने कापलेली कड दाबली जाऊन बंद होते आणि त्या बाजूने स्कोन वर येऊ शकत नाही. एका बाजूला कलंडलेले स्कोन दिसले तर बहुधा हेच झालेलं असतं. कटरऐवजी पेल्याने कापलं तर त्याची जाड, बोथट काठ पिठाला दाबते आणि परिणाम तोच होतो. कटर नसेल तर पीठ चौकोनी थापून धारदार सुरीने एका फटक्यात चौकोन कापा. त्यात उरलेलं पीठही राहत नाही.

गोल कापताना शक्य तितके जवळजवळ कापा. पहिल्या कापणीचे स्कोन सर्वांत चांगले होतात. उरलेले तुकडे चुरगाळून गोळा करू नका, शेजारी शेजारी ठेवून हलके दाबा आणि पुन्हा कापा. ते जरा वाकडे होतील, चवीला काही कमी नसतात.

आता प्रत्येक स्कोन उलटा करून ट्रेवर ठेवा. ओट्याला टेकलेली बाजू सपाट असते, ती वर आली की माथा सरळ राहतो. दोन स्कोनमध्ये 2 सेंटिमीटर अंतर पुरेसं आहे. जवळ ठेवले तर एकमेकांच्या आधाराने वर चढतात आणि कडा मऊ राहतात. ट्रे 15 मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. या वेळात बटर पुन्हा घट्ट होतं आणि ताणलेलं ग्लुटेन सैलावतं.

बलक आणि दूध एकत्र करून ब्रशने फक्त माथ्यावर लावा. ओघळ कडेवर उतरला तर तो शिजून गोंदासारखा चिकटतो आणि तेवढ्या भागात स्कोन खाली खेचला जातो. पहिला हात वाळला की दुसरा द्या, रंग गडद येतो. माथ्यावर बाहेर आलेले बेदाणे आत ढकला, नाहीतर ते जळून कडू होतात.

ओव्हनच्या मधल्या खणापेक्षा एक खण वर ट्रे ठेवा आणि 12 ते 14 मिनिटं भाजा. पहिली 10 मिनिटं दार उघडू नका. माथा सोनेरी-तपकिरी झाला, आणि एक स्कोन उचलून खालून टिचकी मारल्यावर पोकळ आवाज आला, की झाले. थर्मामीटर असेल तर आत 95 अंशांच्या आसपास तापमान हवं. जाळीवर काढा. कडा मऊ आवडत असतील तर वर स्वच्छ सुती कापड टाका, कुरकुरीत आवडत असतील तर उघडेच ठेवा.

गोड क्रीम

250 मिली क्रीम, 20 ग्रॅम पिठीसाखर, अर्धा चमचा व्हॅनिला. एवढं 12 स्कोनला पुरतं. क्रीममध्ये किमान 35 टक्के स्निग्धांश हवा. 20-25 टक्क्यांचं स्वयंपाकाचं क्रीम कितीही फेटलं तरी उभं राहत नाही, कारण हवेच्या बुडबुड्यांभोवती भिंत उभी करायला तेवढे स्निग्ध कणच त्यात नसतात. ते कण घट्ट असायलाही हवेत, म्हणून क्रीम रात्रभर फ्रिजमध्ये आणि भांडं व फेटणी 15 मिनिटं फ्रीझरमध्ये ठेवा.

मध्यम वेगाने फेटा. वेगाने लवकर होतं खरं, पण बुडबुडे मोठे होतात आणि क्रीम तासाभरात पाणी सोडतं. फेटणीच्या रेषा उमटून लगेच पुसल्या जातात, तेव्हा साखर आणि व्हॅनिला घाला. पुढे रेषा टिकू लागतील. फेटणी उचलल्यावर टोक उभं राहून जरासं वाकलं की यंत्र बंद करा आणि शेवटच्या दोन-चार फेऱ्या हाताने मारा. इथून पुढे अर्ध्या मिनिटात क्रीम रवाळ होतं. रवाळ झालंच तर दोन-तीन मोठे चमचे थंड, न फेटलेलं क्रीम घालून हलक्या हाताने मिसळा, बहुतेकदा सावरतं. पिवळे गोळे आणि पाणी वेगळं झालं असेल तर ते लोणी झालं; ते स्कोनवर लावून खा, क्रीम नव्याने करा.

अधिक घट्ट, चमच्याने ढीग घालता येईल असं क्रीम हवं असेल तर 100 ग्रॅम मास्कार्पोने (मऊ इटालियन चीज) आणि 25 ग्रॅम पिठीसाखर आधी मऊ करून घ्या, त्यात 200 मिली क्रीम घालून फेटा. घरी चटकन करता येणाऱ्या प्रकारांत हे क्लॉटेड क्रीमच्या, म्हणजे मंद आचेवर तापवून वर धरलेल्या घट्ट सायीच्या, सर्वांत जवळ जातं.

खरं क्लॉटेड क्रीम मात्र इंग्लंडच्या नैऋत्येकडच्या डेव्हन आणि कॉर्नवॉल या भागांतलं, आणि त्यात साखर नसते. कॉर्निश क्लॉटेड क्रीमला 1998 पासून संरक्षित नामांकन आहे आणि त्यात किमान 55 टक्के स्निग्धांश असावा लागतो. घरी करायचं तर 1 लिटर जास्त स्निग्धांशाचं क्रीम (यूएचटी, म्हणजे खूप तापवून टिकाऊ केलेलं, नको; त्यावर थर नीट धरत नाही) रुंद, उथळ भांड्यात 4-5 सेंटिमीटर खोलीपर्यंत ओता आणि 80 अंशांच्या ओव्हनमध्ये झाकण न ठेवता 10 ते 12 तास ठेवा. ढवळू नका, हलवू नका. वर पिवळसर, सुरकुतलेला थर येतो. भांडं निववून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवा आणि सकाळी तो थर अलगद काढा. खाली उरलेलं पातळ दूध पुढच्या स्कोनच्या पिठात दुधाऐवजी वापरा, फार छान लागतं.

ताटलीत

स्कोन कोमट असताना वाढा, कढत नको; कढत स्कोनवर क्रीम वितळून ओघळतं. हाताने दोन भाग करा आणि प्रत्येक भाग वेगळा खा, वर-खाली ठेवून सँडविच करू नका. डेव्हनमध्ये आधी क्रीम आणि वर जॅम लावतात, कॉर्नवॉलमध्ये आधी जॅम आणि वर क्रीम. घट्ट क्लॉटेड क्रीम असेल तर दोन्ही जमतात. फेटलेलं हलकं क्रीम असेल तर कॉर्नवॉलची पद्धत सोयीची, कारण मऊ क्रीमवर जॅम पसरताना ते सगळं कालवलं जातं. जॅम स्ट्रॉबेरीचा किंवा रासबेरीचा, थोडा आंबट असलेला घ्या. चहा कडक हवा: आसाम किंवा सिलोन, 200 मिली उकळत्या पाण्याला अडीच ग्रॅम पत्ती, झाकून 4 मिनिटं, आणि दूध वेगळं.

बिघडलं तर

चपटे झाले: पीठ पातळ थापलं, पावडर जुनी होती किंवा ओव्हन तापला नव्हता. कडेला भेग आहे पण उंची नाही, तर जाडीच तपासा. भेगच नाही आणि आत गच्च आहे, तर पावडरवर संशय घ्या. बाजूला पसरले: बटर वितळलं होतं किंवा दूध जास्त झालं. चिवट झाले: पीठ मळलं गेलं. वरून गडद आणि आत कच्चे: तापमान 10 अंशांनी कमी करा आणि एक खण खाली ठेवा. तळ जळाला: ट्रे काळा किंवा पातळ आहे, त्याखाली दुसरा ट्रे ठेवा. दुसऱ्याच तासाला कोरडे पडले: जास्त भाजले गेले, पुढच्या वेळी दोन मिनिटं आधी पाहा.

स्कोन त्याच दिवशी खावेत. पाहुणे उद्या येणार असतील तर आज भाजून ठेवण्यापेक्षा कापलेले कच्चे स्कोन ट्रेवर फ्रीझ करा आणि कडक झाल्यावर पिशवीत भरा, महिनाभर टिकतात. ते वितळू न देता बलक लावून 200 अंशांवर (पंख्याच्या ओव्हनमध्ये 180) 18 ते 20 मिनिटं भाजा. भाजलेले उरले तर दुसऱ्या दिवशी माथ्यावर पाण्याचा हबका मारून 160 अंशांवर 6-8 मिनिटं गरम करा. मायक्रोवेव्हमध्ये ते क्षणभर मऊ होतात आणि निवले की रबरासारखे ताणले जातात.